चादरीच्या भोकात काय होतं?

थांब मल्लू, डबा नंतर उघड. बस यायला वेळ आहे आणि ही गोष्ट सकाळपासून माझ्या पोटात नुसत्या उड्या मारतेय. झोया, तूपण इकडे ये, चिंचेच्या सावलीत. आता दोघंही वर बघा. अरे झाडाकडे नाही बे, त्याच्या पलीकडे! पाण्याच्या टाकीच्या वर. दिसला? अर्धा, फिकट, कुणीतरी खोडरबरने पुसल्यासारखा. दुपारचा चंद्र.

तर त्या चंद्रावर आपल्या सोलापूरची एक चादर आहे.

हसा, हसा. मला कुणी सांगितलं असतं तर मीपण हसले असते. पण आधी माझं कोडं सोडवा, मग हसा. एक चादर आहे. तिच्यावर एक चित्र विणलंय. चादर फाटली आणि चित्राचा मधला थोडा भाग गेला. गेला म्हणजे गेलाच, आता सापडणार नाही. त्या चित्राचा फोटो नाही. दुसरी चादर नाही. ज्यांनी ते चित्र काढलं त्यांनासुद्धा नीट आठवत नाही. आता सांगा, भोकात काय होतं?

अंदाज नाही करायचा, झोया. नक्की सांगायचं. पैज लावून.

नाही ना येत? मलाही नव्हतं येत. उन्हाळ्याच्या सुट्टीत शिकले. आणि तेव्हापासून तोंड शिवून बसलेय, कारण स्वरूपाआजींनी शपथ घातली होती, चंद्रावरून फोटो येईपर्यंत कुणाला बोलायचं नाही. आज सकाळी फोटो आला!

सांगते, सांगते, पहिल्यापासून सांगते.

आमच्या वरच्या मजल्यावर स्वरूपा येमूल राहतात. हो, त्याच. तलावाकाठच्या उद्यानात धुक्यावर मासे पोहतात ना, आपण हात घातला की बाजूला पळतात, ते त्यांचंच काम. त्या डिजिटल चित्रकार आहेत. मी एकदा विचारलं, डिजिटल चित्र म्हणजे काय हो? तर त्यांनी मला भिंगातून पडदा दाखवला. पडद्यावर नुसत्या बारीक बारीक चौकटी! त्या म्हणाल्या, "कागदावरची रेघ वाहत जाते. डिजिटल चित्र (म्हणजे मोजता येतील अशा चौकटींचं चित्र) वाहत नाही. प्रत्येक चौकटीला एक प्रश्न विचारायचा, तू उजेडात की अंधारात? तिने हो किंवा नाही म्हणायचं. सगळ्यांची उत्तरं ओळीने लिहिली की झालं चित्र. रंगीत चित्रात प्रश्न जास्त, एवढंच."

मला वाटलं, एवढंच? मग हे तर मलापण येईल! तर आजी म्हणाल्या, "ये की मग. पन्नास वर्षं लागतात फक्त."

खरंच त्यांना पन्नास वर्षं झाली हे करताना. एकोणीस वर्षांच्या असताना फोनवर बोटाने चित्र काढायला लागल्या. तेव्हाचे फोन माहितीयेत ना, ते हातात धरायचे चपटे. घरात बसायला जागा नाही, मागाचा खडखडाट, आणि ह्या जिन्यात बसून बोटाने चित्रं काढतायत. लोक विचारायचे, हे काय काम आहे? मग त्यांनी गणपतीच्या मंडळांसाठी हलणारी चित्रं केली, अख्ख्या भिंतीएवढी. मग धरणाच्या भिंतीवर उजेडाने पूर काढला आणि लोक खरंच मागे सरकले. मग परदेशातली संग्रहालयं. मधे अशी वेळ आली की मशीन स्वतःच चित्रं काढायला लागली, सांगाल तशी, चुटकीसरशी. तेव्हा तेच लोक परत आले आणि म्हणाले, आता तुमचं काय काम? आजी म्हणतात, "दोन्ही वेळा मी त्यांना चहा पाजला आणि परत कामाला बसले."

आता चंद्राचं ऐका. वर आपला चांद्रतळ आहे ना, तिथल्या गाड्या चंद्राची धूळ उन्हाने वितळवून फरश्या करतात, रस्ते बांधायला. दोन प्रकारच्या फरश्या होतात, एक गडद आणि एक उजळ. त्यांच्याकडे एक सपाट मैदान रिकामं होतं. त्यांनी ठरवलं, इथे फरश्यांचं एक चित्र मांडायचं. चंद्रावर वारा नाही, पाऊस नाही. ते चित्र हजारो वर्षं तसंच राहणार. आपण नसू, शाळा नसेल, मल्लूचा हा डबासुद्धा नसेल, पण ते असेल! आणि ते चित्र द्या म्हणून त्यांनी स्वरूपाआजींना विचारलं.

विचार करा ना जरा. अंगावर काटा येतो की नाही? मला आला होता.

आणि आजी काय म्हणाल्या? म्हणाल्या, "देईन. पण माझं पहिलं चित्र देईन. दुसरं कुठलंच नाही."

पहिलं चित्र म्हणजे त्यांच्या वडिलांचा चेहरा. त्या त्यांना नायना म्हणतात, घरी तेलुगू बोलतात ना, नायना म्हणजे बाबा. नायना चादरीच्या कारखान्यात होते. त्यांचं काम पुठ्ठ्यांना भोकं पाडायचं. हसू नको, ते मोठं काम होतं. चादरीवर मोर कुठे, फूल कुठे, हे मागाला कोण सांगणार? पुठ्ठा सांगणार. मागाच्या वर सुया असतात. पुठ्ठ्याला भोक असेल तिथे सुई आत जाते आणि धागा वर उचलला जातो. भोक नसेल तिथे धागा खालीच राहतो. भोक म्हणजे हो. भोक नाही म्हणजे नाही.

बघितलंस! झोयाची ट्यूब पेटली! हो, अगदी तेच! कॉम्प्युटर यायच्या कितीतरी आधीपासून चादरी डिजिटलच होत्या. मी हे ऐकलं तेव्हा घरी जाऊन माझ्या पांघरुणाकडे नुसती बघत बसले होते.

तर आजींनी फोनवर नायनांचा चेहरा काढला, नुसता काळा-पांढरा, चौकटीचौकटींचा, एका बाजूने. आणि ते चित्र हरवलं. फोन गेला, आणि ज्या कंपनीच्या साठवणीत ठेवलं होतं ती कंपनीच बंद पडली. पुढची हजार चित्रं आहेत, पहिलंच नाही.

मी म्हटलं, "आजी, परत काढा की. तुम्ही एवढ्या मोठ्या चित्रकार!"

त्या म्हणाल्या, "पन्नास वर्षं काढतेय गं. नाक जमतं, मिशी जमते. नायना येत नाहीत. त्यांचा एकच फोटो आहे, आधार कार्डावरचा. त्या फोटोत तर आपण स्वतःलासुद्धा ओळखत नाही."

आणि चांद्रतळाची मुदत होती शनिवारपर्यंत. शनिवारपर्यंत चित्र नाही गेलं, तर ती जागा कुणाला मिळणार होती माहितीये? 'फुस्स' सरबताला! हो, तेच, हिरवं, बुडबुडेवालं. चंद्रावर हजारो वर्षं काय, तर फुस्सची बाटली. चांद्रतळाला पैसे हवे असतात ना. नुसत्या विचाराने मला रडू यायला लागलं होतं.

मग आजींच्या तोंडून निसटलं, चादर आहे! त्या चित्राची नायनांनी चादर विणून घेतली होती, एकच, कारखान्यातून. आजींच्या पेटीत तळाला होती. आजी काही ती काढायला तयार होईनात. मी आणि ढब्बूने मिळून काढली. ढब्बू म्हणजे त्यांचा रोबो, पोटाला गोल आहे म्हणून ढब्बू. काढून बघतो तर काय, चादर पेटीच्या पत्र्यात आधीच अडकून फाटलेली होती, कधीची कुणास ठाऊक. कपाळापासून गालापर्यंत तिरकी. आणि जिथे पत्रा घुसला तिथे भोक. कुठे? बरोब्बर डोळ्यावर.

बाकीची चादर मात्र काय सांगू! मरून रंगाचा गुलाबी झालेला, पांढऱ्याचा पिवळा झालेला, तरी प्रत्येक चौकट कळत होती. अंगठ्याच्या नखाएवढी एकेक चौकट. आजी म्हणाल्या, "बघ, हीच तर गंमत. हो थोडं फिकट झालं तरी हो-च असतं. त्याचं नाही होत नाही. म्हणून डिजिटल चित्राची नक्कल कितीही वेळा केली तरी ती मूळ चित्राइतकीच खरी असते." आणि मग त्यांचं बोट भोकापाशी येऊन थांबलं.

ढब्बू म्हणाला, "मी भोक भरून देतो, बाई." त्याने चादरीचा फोटो घेतला आणि भराभरा चेहरे दाखवायला लागला. डोळा मोठा, डोळा बारीक, डोळा हसरा, डोळा झोपाळू. "अंदाज क्रमांक नऊ. अंदाज क्रमांक दहा."

आजी प्रत्येकाला नाही म्हणत गेल्या. "हा कंडक्टर दिसतो. हा आमचा शेजारी. हा कोण रे मेला?"

"हे सर्व शक्य चेहरे आहेत, बाई."

"मला शक्य नकोय ढब्बू. मला नायना हवेत."

मला एकदम वाटलं, आता काही होत नाही. फुस्स जिंकलं.

मी तिथेच जमिनीवर पालथी पडून चादर बघत होते. आणि मला दिसलं की चादरीच्या उजव्या काठाला आणि खालच्या काठाला एकेक पट्टी आहे, वेड्यावाकड्या ठिपक्यांची. एक पांढरा, दोन मरून, मग तीन पांढरे, काही नक्षी नाही, काही नाही. पण ढब्बूच्या फोटोत ती पट्टीच नव्हती! मी विचारलं, "ढब्बू, किनार कुठे गेली?"

"किनारीत अनियमित ठिपके आढळले. विणकामातली चूक समजून कापून टाकली."

आजी म्हणाल्या, "मीपण तेच समजले होते रे." आणि मग त्यांनी सांगितलं. चादर विणून घरी आली, त्यांनी उलगडली, आणि कडेला ही पट्टी. त्यांच्या चित्रात ती नव्हतीच. नायनांनी स्वतःच्या मनाने जास्तीची भोकं पाडली होती. आजी ओरडल्या, नायना, डोळे गेलेत का तुमचे? माझ्या चित्राच्या कडेला ही घाण कसली? आणि नायना एवढंच म्हणाले, "राहू दे. किनार कापू नकोस." पुढच्या वर्षी नायना वारले. आजींनी ती चादर परत कधी अंथरलीच नाही.

हे सांगता सांगता त्यांनी माझ्यापुढे बशी सरकवली. शेंगाच्या वड्या. मी तीन उचलल्या. लगेच त्यांनी चौथी हातात ठेवली. त्या नेहमी असंच करतात! कप तीन असतील तर चौथा मांडतात, भाकरी पाच झाल्या तर सहावी थापतात. मी म्हटलं, "आजी, तुम्ही हे का करता?"

"सवय आहे गं. नायनांची. ते कशाचीच ओळ एकटी ठेवायचे नाहीत. पुठ्ठ्याला भोकं पाडतानासुद्धा पुटपुटायचे, जोडी, जोडी, जोडी, आणि एकटं उरलं तर..."

आणि त्या थांबल्या. आणि मी वडी तोंडात तशीच धरून थांबले. आणि आम्ही दोघींनी एकदम किनारीकडे बघितलं!

कळलं? नाही? थांबा, आता करूनच दाखवते. मल्लू, खिसा रिकामा कर. मला माहितीये तुझ्या खिशात फोडलेले चिंचोके आहेत, नेहमी असतात. एक बाजू पांढरी, एक बाजू तपकिरी. पांढरं म्हणजे हो, तपकिरी म्हणजे नाही. आता सहा चिंचोके ओळीत ठेव, तुला हवे तसे. ठेवलेस? बघू. पांढरे किती? एक, दोन, तीन. तीन म्हणजे विषम, एकाला जोडीदार नाही. म्हणून मी शेवटी एक सातवा ठेवते, पांढरा. आता झाले चार. सगळे जोडीने. जर आधीच जोडीने असते तर मी सातवा तपकिरी ठेवला असता, म्हणजे बिघडायला नको.

आता मी पाठ करते. तू कुठलाही एक उचल, कुठली बाजू वर होती ते लक्षात ठेव आणि मुठीत लपव. जागा रिकामी ठेव. उचललास? वळू?

हं. एक, दोन, तीन पांढरे दिसतायत. तीन? पण ओळ तर जोडीने होती! म्हणजे तुझ्या मुठीतला पांढरा होता. खरं सांग, होता ना?

हाहा! तोंड बघ मल्लूचं! परत कर. पाहिजे तितक्या वेळा कर.

...तपकिरी! बघ! मी बघितलंच नव्हतं, आणि तरी मला माहीत होतं. अंदाज नाही केला झोया, नक्की सांगितलं. तो सातवा चिंचोका चित्राचा भागच नाही, तो पहारेकरी आहे. याला पॅरिटी म्हणतात (ओळीतले ठिपके सम आहेत की विषम, याची खूण). आपण जगभर निरोप पाठवतो, वाटेत एखादा हो किंवा नाही बिघडला तर तो असल्याच पहारेकऱ्यांमुळे पकडला जातो. आता तर याच्याहून हुशार पहारेकरी असतात, पण त्यांची सुरुवात अशीच, जोडी मोजून.

नायनांना पॅरिटी हा शब्द माहीत नव्हता. त्यांना एवढंच हवं होतं की लेकीच्या चित्राची एकही चौकट चुकायला नको. म्हणून प्रत्येक ओळीच्या शेवटी एक पहारेकरी, आणि प्रत्येक उभ्या रांगेच्या खाली एक.

आधी आम्ही न फाटलेल्या ओळींतले पांढरे मोजले. पहिली ओळ, जोडीने. दुसरी, जोडीने. मी मोठ्याने मोजतेय, ढब्बू मोजतोय, आजी चष्मा लावून मोजतायत. आठवी, नववी, दहावी, सगळ्या जोडीने! एकही चूक नाही. आजी हळूच खाली बसल्या. किनारीवरून हात फिरवत राहिल्या, मांजराच्या पाठीवरून फिरवतात तसा. ढब्बू बोलायला लागला तर मी त्याच्या पोटावर चापट मारली.

मग फाटलेला भाग. चादर तिरकी फाटली होती, हे आमचं नशीब! तिरकी म्हणजे एका ओळीतली एकच चौकट विरून गेलेली. ओळीतले पांढरे मोज, एकटं उरतंय? मग गेलेली चौकट पांढरी. जोडीने आहे? मग मरून. टक, टक, टक, कपाळावरची आठी आली, कानाजवळचे केस आले, गाल आला. रिकाम्या जागेतून एक माणूस बाहेर येत होता, आणि कुणीही ते मनाने भरत नव्हतं!

आणि मग आम्ही डोळ्याशी येऊन अडकलो.

मल्लू, आता दोन चिंचोके उचल एकाच ओळीतले. बघ, आता मला सांगता येईना. ते दोघं एकसारखे की वेगळे एवढंच कळतं, कुठला कोणता ते नाही. बुबुळाच्या जागी अशा चार चौकटी गेल्या होत्या, दोन वर, दोन खाली, चौकोनात. म्हणून उभ्या रांगांना विचारलं, तिथेपण दोन-दोन. आडव्या ओळी म्हणाल्या, आम्ही जोडीनेच आहोत, म्हणजे शेजारचे दोघं एकसारखे आहेत. उभ्या रांगा म्हणाल्या, आमच्यात एकटं उरतंय, म्हणजे वरचा आणि खालचा वेगळे आहेत. एवढंच. त्यापुढे पहारेकरी गप्प.

मांडून बघा चिंचोक्यांनी. शेजारी सारखे, वरखाली वेगळे. किती तऱ्हा होतात? बरोबर, दोनच! एकतर वरचे दोन पांढरे आणि खालचे गडद. नाहीतर वरचे गडद आणि खालचे पांढरे. चार चौकटींच्या सोळा तऱ्हा झाल्या असत्या, त्यातल्या चौदा नायनांनी पन्नास वर्षं आधी खोडून ठेवल्या होत्या.

ढब्बूने दोन्ही चेहरे शेजारी शेजारी लावले. एका चेहऱ्यात बुबुळ खाली, नायना खाली हातातल्या पुठ्ठ्याकडे बघतायत. दुसऱ्यात बुबुळ वर. मान तशीच वाकलेली, पण नजर वर उचललेली, समोरच्या माणसाकडे.

ढब्बू म्हणाला, "काम करणारा माणूस बहुतेक वेळा हातातल्या कामाकडे बघतो. मी खाली बघणारा चेहरा सुचवतो. शंभरातल्या नव्वद वेळा तोच बरोबर ठरेल."

मलाही तेच वाटलं, खरं सांगते. मीपण खालचाच म्हणाले असते. पुठ्ठ्याला भोकं पाडणारा माणूस वर कशाला बघेल?

आजी दोन्ही चेहरे पुन्हा पुन्हा बघत होत्या. शुक्रवारची संध्याकाळ होती, दुसऱ्या दिवशी मुदत. मी नखं खातेय. मग त्या म्हणाल्या, "ढब्बू, तू म्हणतोस ते खरं आहे. मी जन्मभर त्यांना खाली बघतानाच बघितलं. त्यांच्या डोक्याचा भोवरा मला पाठ आहे. पण रोजचं जे दिसतं, त्याचं चित्र मी कशाला काढलं असतं?"

"म्हणजे?"

"त्या दिवशी मी त्यांना म्हटलं, नायना, मला चित्रकार व्हायचंय, या फोनवरच. मला वाटलं ओरडतील. त्यांचा हात थांबला. आणि त्यांनी वर बघितलं."

मी विचारलं, "मग काय म्हणाले?"

"मान वर केलीच नाही, नुसती नजर. मग म्हणाले, किती चौकटी?"

एवढंच! किती चौकटी! आणि आजी जिन्यात जाऊन बसल्या आणि ती नजर विसरायच्या आत त्यांनी बोटाने काढली. ते त्यांचं पहिलं चित्र. नंतरचं सगळं, ते मासे, तो पूर, ती परदेशातली संग्रहालयं, सगळं त्या वर बघण्यातून निघालंय. आणि ती नजर त्या विसरल्या होत्या गं झोया! रागावल्या होत्या ना चादरीवर. भांडण लक्षात राहिलं आणि नजर गेली.

आजींनी स्वतःच्या बोटाने वरचे दोन ठिपके गडद केले. ढब्बू म्हणाला, "आता हा अंदाज आहे का, बाई?" आजी म्हणाल्या, "नाही रे. ही माझी सही आहे."

शनिवारी सकाळी चित्र गेलं. थोड्या वेळात चांद्रतळावरून एका ताईंचा फोन आला. मी तिथेच होते, सगळं ऐकलं. त्या म्हणाल्या, "येमूल मॅडम, चित्र फार सुंदर आहे. पण कडेला काहीतरी ठिपके आलेत, चुकून आले असतील. ती पट्टी काढली तर आमच्या फरश्या वाचतील. काढू का?"

मी आजींकडे बघितलं. ढब्बूने आजींकडे बघितलं.

आजी म्हणाल्या, "राहू दे. किनार कापू नका." आणि मग त्यांनी त्या ताईंना सगळं समजावून सांगितलं, भोक, जोडी, पहारेकरी. मग ताई म्हणाल्या, "मॅडम, इथे वारापाऊस नसला तरी आकाशातून दगड पडतात, बारीक बारीक उल्का. एखादी फरशी कधीतरी फुटणारच, याचीच आम्हाला काळजी होती."

"मग?" आजी म्हणाल्या.

"मग आता नाही," ताई म्हणाल्या.

आज सकाळी जो फोटो आला ना, तो त्याचाच. वरून, तिरका घेतलेला. करडं मैदान, कुठे काही हालचाल नाही, काळं आकाश, आणि जमिनीवर एक माणूस, कामावरून नजर वर उचललेला. आणि तो ज्या दिशेला बघतोय तिथे, चंद्राच्या आकाशात, काय असतं सांगा? आपली पृथ्वी! ती तिथून कधी मावळत नाही, तशीच टांगलेली असते. म्हणजे नायना आपल्याकडे बघतायत. आत्ता, या मिनिटाला. इथून दिसत नाहीत, दुर्बिणीतूनसुद्धा नाही, पण आहेत. आजी फोटोकडे बघत होत्या आणि त्यांचा चहा निवला, आणि मी प्रथमच बघितलं की त्यांनी एकच कप मांडला होता आणि त्यांच्या लक्षातच आलं नव्हतं. मी जाऊन दुसरा आणून ठेवला.

माझ्या डोक्यात रात्रंदिवस एकच येतं. खूप खूप वर्षांनी तिथे कुणी तरी येईल. आपल्यासारखं असेल, नाहीतर अगदी वेगळं असेल, सहा हातांचं, कुठल्या तरी दुसऱ्या ग्रहावरचं. त्याला मराठी येणार नाही, तेलुगू येणार नाही. नायना कोण ते त्याला माहीत नसेल. त्याला एक फरशी फुटलेली दिसेल. मग त्याला कडेची पट्टी दिसेल, आणि ते मोजायला लागेल. मोजणं तर सगळ्यांनाच येत असणार ना? जोडी, जोडी, जोडी. आणि एकदम त्याला कळेल की या भोकात काय होतं. आणि मग हेपण कळेल की इथे कुणीतरी होतं, ज्याला आधीच माहीत होतं की भोक पडणार आहे, आणि ज्याने आपल्यासाठी सोय करून ठेवली होती.

मी पण करणार आहे हे. नुसती चित्रं नाही, पहारेकऱ्यांसकट. आजी म्हणाल्यात, पुढच्या रविवारपासून ये, पुठ्ठा आणि पंच घेऊन, फोनबिन काही आणू नकोस. मी ढब्बूला आत्ताच सांगून ठेवलंय की माझ्या चित्रातलं काही विचारल्याशिवाय कापायचं नाही.

ए, बस आली बघा. मल्लू, चिंचोके उचल. अरे, आपण तिघंच की! ओळ एकटी राहिली.

थांब थांब, झोया, वर बघ.

चंद्र धरून चार.